वाकल्यावर तुटणारी तार

मित्रांनो, मी एक जुनी डबी आहे. आगपेटीहून थोडी मोठी, गोल कडांची, अंगाने चकचकीत. माझ्यात ना खाऊ ना दागिने. माझ्यातून निघालेली एक बारीक तार माणसाच्या पाठीच्या कण्यापर्यंत जात असे. दुखण्याचा निरोप मेंदूकडे निघाला की मी त्या तारेतून हलकी वीज सोडून त्याला वाटेतच अडवायची. हे माझे काम होते. आता मी निवृत्त आहे. लोक मला हातात घेऊन कौतुकाने उलटसुलट करून पाहतात, तेव्हा मला कुठे तोंड लपवू असे होते.

पांढरे झगे घातलेल्या माणसांनी मला भिंगाखाली जोडले. मी कोणाच्या तरी भल्यासाठी जन्मले आहे, हे मला तेव्हाच कळले होते आणि त्याचा अभिमानही होता.

अमेरिकेत, मिनेसोटा राज्याच्या उत्तर भागात, लोखंडाच्या खाणींच्या मुलखात, लोर्ना किवेला नावाची बाई शाळेची पिवळी बस चालवत असे. पाठीचे ऑपरेशन होऊनही तिचा डावा पाय रात्रंदिवस ठणकायचा. डॉक्टर ब्रँडवोल्ड यांनी मला तिच्या कमरेवर, कातडीखाली बसवले. पाय शांत झाला. त्या आठवड्यात ती उभ्याने भांडी घासताना गुणगुणू लागली.

तिचा नवरा रेनो म्हणाला, "आता या घरात आपण तिघं. पण तिघांत माझंच कोणी ऐकत नाही!"

"डबी तरी कामाची आहे," लोर्ना म्हणाली, आणि दोघेही हसले.

ते माझे सुखाचे दिवस होते.

मग एका हिवाळ्यात माझी तार आतल्या आत तुटली. वरचे आवरण शाबूत राहिले. लोर्ना आडवी पडली की तुटलेली टोके एकमेकांना चिकटत आणि सारे सुरळीत चाले. ती पुढे वाकली की टोके सुटत, वीज भलतीकडे जाई आणि तिचा पाय आपोआप उसळे.

एका सकाळी बसची काच आतून धुरकटली. ती पुसायला लोर्ना पुढे वाकली. पाय उसळला, बस घसरली आणि रस्त्याकडेच्या बर्फाच्या ढिगात जाऊन रुतली. मुलांना काही झाले नाही. काही तर हसत होती, त्यांना गंमत वाटली. लोर्ना मात्र स्टिअरिंगवर डोके टेकून बसून राहिली. त्याच दिवशी तिने बसच्या किल्ल्या स्वतःहून परत केल्या.

दवाखान्यात तिला टेबलावर झोपवले. डॉक्टरांनी बाहेरून यंत्र लावून मला विचारले, की तू नीट आहेस का? लोर्ना आडवी होती, टोके जुळलेली होती. मी उत्तर दिले, सगळे ठीक. पुढच्या खेपेलाही तसेच झाले. डॉक्टरांनी लिहिले, 'यंत्र व्यवस्थित. जुने दुखणे वाढले आहे.'

संध्याकाळी रेनो म्हणाला, "डबी ठीक म्हणते, डॉक्टर ठीक म्हणतात. मग बिघाड कोणात आहे, तूच सांग बाई."

 त्यानंतर लोर्नाने दुखण्याचे नावच काढले नाही. चर्चमध्ये कॉफी पिताना कोणी विचारले तर ती म्हणे, "छान आहे की!" आपलेच मन आपल्याला फसवते आहे, असे तिला वाटू लागले होते. मी तिच्या कातडीखाली होते, मला सारे माहीत होते, आणि माझ्याकडे तोंड नव्हते.

त्या देशात डॉक्टरांनी जे लिहिले त्याला एक ठरलेला आकडा देतात. त्याला कोड म्हणतात. माझ्यासारखीची तार तुटली तर एक कोड, सरकली तर दुसरा, जंतू शिरले तर तिसरा. विमा कंपनी तो कोड पाहूनच हो किंवा नाही म्हणते. आमच्या दवाखान्यात हे काम मार्सी प्रेबिच करायची. तिने डॉक्टरांच्या शब्दांप्रमाणे 'जुने दुखणे' हा कोड घातला. लोर्नाला मोठ्या शहरातल्या डॉक्टरांना दाखवायचे होते. कंपनीने कळवले की कोडप्रमाणे यंत्राला काही झालेले नाही, तेव्हा गरज नाही.

त्या दिवशी लोर्ना कोट चढवून सरळ दवाखान्याच्या रेकॉर्डच्या खिडकीशी गेली.

"माझा कोड कोणी घातला?"

मार्सी आतून आली. "मी. बसा ना."

"बसायला नाही आले. डबी नीट आहे हे तुम्हाला कोणी सांगितलं?"

"डॉक्टरांनी लिहिलंय तसं. जे लिहिलेलं नाही ते आम्हाला मनानं घालता येत नाही हो."

"पण विचारता येतं ना?"

मार्सीने नोंद पुन्हा उघडली. त्याच नोंदीत वर नर्सने लिहिले होते की वाकल्यावर झटका बसतो, आणि खाली डॉक्टरांनी लिहिले होते की यंत्र व्यवस्थित. दोन्हींचा मेळ बसत नव्हता. अशा वेळी डॉक्टरांना विचारणे तिचेच काम होते. कामाचा ढीग होता, म्हणून ती पुढे गेली होती.

"येतं विचारता," ती हळूच म्हणाली. "मी विचारलं नाही."

एवढ्यात लोर्नाचा हातमोजा खाली पडला. तो उचलायला ती वाकली आणि तिचा पाय खिडकीखालच्या लाकडी फळीवर धाडकन आपटला. सगळी खोली वळून पाहू लागली.

"माफ करा, माफ करा," लोर्ना शरमेने लाल होऊन म्हणाली.

मित्रांनो, माझ्यामुळे ती बाई एका फळीची माफी मागत होती. तेव्हा मला जी लाज वाटली, ती अजून गेलेली नाही.

मार्सीने तिथल्या तिथे डॉक्टरांना लिहून विचारले. त्यांनी लोर्नाला बोलावले आणि या वेळी स्टुलावर बसवून पुढे वाकायला सांगितले. आता मला ठीक म्हणता आले नाही. वाकलेल्या अवस्थेत एक्स-रे काढला, त्यात तार तुटलेली स्पष्ट दिसली.

डॉक्टरांनी चष्मा काढला. "मी तुम्हाला झोपवूनच तपासत राहिलो."

"आणि मी झोपत राहिले," लोर्ना म्हणाली.

डॉक्टरांनी जुनी नोंद दुरुस्त केली. नव्या कागदावर त्यांनी घाईत नुसते 'तार निकामी' लिहिले, तर मार्सीने पुन्हा विचारले, "तुटली की सरकली?" तुटली, असे उत्तर आल्यावरच तिने कोड घातला. कंपनीने मान्यता दिली. मला काढून नवी डबी, नवी तार बसवली. पाय उसळायचा थांबला. बस मात्र तोवर दुसऱ्या माणसाकडे गेली होती. ती लोर्नाला परत मिळाली नाही.

लोर्नाने मला मागून घेतले आणि रेनोला घेऊन मार्सीकडे आली. "नवी पोरं हे काम शिकायला येतात ना तुमच्याकडे? त्यांच्या हातात द्या हिला."

रेनो टोपी हातात धरून दाराशीच उभा होता. "मी हिचं ऐकलं नाही," तो मार्सीला म्हणाला. "डबीचं ऐकलं."

"ते तिला काय सांगतोस?" लोर्ना म्हणाली.

रेनो तिच्याकडे वळला.  मग तो म्हणाला, "चुकलो गं."

मित्रांनो, मी खोटे बोलले नव्हते. मला झोपवून विचारले, तेव्हा मी ठीकच होते. पण अर्धे खरे सांगून मी एका भल्या बाईला खोटे पाडले. माझी एकच विनंती आहे. तुमच्या घरात कोणी म्हणाले की दुखते आहे, तर माझ्यासारखीला विचारण्याआधी त्यालाच विचारा, कधी दुखते, काय करताना दुखते. आणि त्याचे सांगून पुरे होईपर्यंत तिथून उठू नका.