ओळंब्याने पाडलेली भिंत

गवंड्याचं खरं नाव आता त्याच्या बायकोलाही चटकन आठवत नसे. सगळे त्याला ओळंबा म्हणत, कारण त्याची भिंत उभी राहिली की दोरी सोडून सरळ आहे का बघायची कुणाला गरज पडत नसे. त्याला हे नाव मनापासून आवडायचं. त्याहून आवडायचं 'फौजदारबाईंचे वडील' म्हणवून घेणं. मुलीच्या खांद्यावर तारे लागले तेव्हापासून गडी रस्त्याच्या मधोमध चालायला लागला होता.

अशा माणसाने असला उद्योग करावा? पण केला खरा!

त्याची आणि धाकट्या भावाची जागा एकमेकांना लागून. मधली भिंत ओळंब्यानेच बांधलेली. धाकटा म्हणायचा, भिंत हातभर माझ्या हद्दीत घुसली आहे. त्यावरचा कोर्टातला दावा नुसता लोंबकळत पडला होता. मग कुणीतरी कानाशी लागलं, "मिस्त्री, दिवाणीत केस पांढरे होतात. फौजदारी टाका, भाऊ सुतासारखा सरळ येईल."

झालं! धाकट्याची दुपारची झोप म्हणजे उशाशी ढोल बडवा, कूस बदलायचा नाही. त्याची बायकोही बाजाराला गेलेली. तेवढ्यात ओळंब्याने स्वतःच्या हाताने भिंत उतरवली आणि तडक पोलिसांत जाऊन सांगितलं, भावाने भिंत पाडली, जिवे मारायची धमकी दिली.

मुलीने ऐकलं आणि आपल्या साहेबांना म्हणाली, "माझ्या घरचं प्रकरण आहे, तपास मी करणार नाही."

"मी करतो," साहेब म्हणाले. "तुम्ही फक्त जागा दाखवा."

गाडी दारात येताच धाकट्याच्या तोंडचं पाणी पळालं. "दादा, अरे मी झोपलो होतो रे! माझ्या डोळ्यांत बघून सांग!" दादा पायातल्या चपलेकडे बघत राहिला. धाकट्याची बायको रडायला लागली. साहेबांनी गाडीचं दार उघडलं.

"थांबा, साहेब." मुलगी विटांपाशी उभी होती. "बाबा, ह्या विटा अशा कुणी ठेवल्या?"

ओळंब्याने पाहिलं. विटा रचलेल्या होत्या. एकेका विटेला चिकटलेला सिमेंट-वाळूचा मसाला खरवडून काढलेला, अर्ध्यामुर्ध्या तुकड्यांचा ढीग वेगळा. जन्मभराच्या सवयीने हातांनी काम केलं होतं, डोक्याला विचारलंसुद्धा नव्हतं.

"रागाने भिंत पाडणारा माणूस मसाला खरवडत बसत नाही, साहेब," ती म्हणाली. "लहानपणी मी ह्यांच्या शेजारी बसून विटा साफ केल्या आहेत. एक वीट फेकली तर ओरडा बसायचा. ही भिंत माझ्या वडिलांनी उतरवली. तक्रार खोटी आहे."

साहेब ओळंब्याकडे वळले. "काय मिस्त्री?"

'भिंत त्याने पाडली, विटा मी नंतर आवरून ठेवल्या.' एवढं म्हटलं की सुटका होती. जिभेवर आलंही होतं. पण मग साहेबांपुढे त्याची लेक खोटी पडली असती. ओळंब्याने तिच्याकडे पाहिलं. डोळे भरलेले, पण पोरगी कशी ताठ उभी होती! आपण बांधलेल्या कुठल्याही भिंतीकडे बघून त्याचा ऊर असा भरून आला नव्हता.

"ती म्हणते तेच खरं," तो म्हणाला. "भिंत मीच पाडली. धाकट्याला सोडा."

संध्याकाळी तो पोलीस ठाण्यातल्या बाकावर बसला होता. चहावाल्याने ओळखून पेला पुढे केला. "काय मिस्त्री, लेकीला भेटायला?"

"छे! खोटी तक्रार केली म्हणून बसवलंय."

"अरे बापरे! पकडलं कुणी?"

ओळंब्याने पाठ ताठ केली. आत मुलगी खाली मान घालून काम करत होती. तिला ऐकू जाईल अशा आवाजात तो म्हणाला, "माझ्या लेकीने! दुसऱ्या कुणाची छाती होती?"