सुतबावीची सतरा घरं

ताक इनबोक हा नावाड्याचा पोरगा. मुसानला, चीनच्या हद्दीवरच्या तुमेन नदीवर, त्याचा बाप होडी चालवायचा. मी वॉन तोकसाम, हेर्योंगच्या कचेरीत नकाशे काढणारा. माझे वडीलही त्याच कचेरीत, त्याच कामावर होते. म्हणजे ताकची आणि माझी बरोबरी व्हायचं काहीच कारण नव्हतं. तरी चार-पाच वर्षं मी त्या माणसावर जळत राहिलो.

आमच्या पंचांगातल्या कोंबड्याच्या वर्षी चीनचे अधिकारी हद्द ठरवायला यायचे होते. दुष्काळात आमची माणसं नदीपलीकडे गेली होती आणि रान तोडून तिथं राळा पिकवत होती. चिनी म्हणत, तुमेन नदी ही हद्द, तेव्हा उठा. आमचे म्हणत, पेक्तु डोंगरावर पावणेदोनशे वर्षांपूर्वी रोवलेला दगड आहे, त्यावर लिहिलेली नदी ही नव्हेच. ती वेगळी, उत्तरेला जाणारी.

अंमलदारांनी मला नकाशा घेऊन बोलावलं. नकाशा वडिलांचा, मी त्याच्या कितीतरी नकला केलेल्या. त्यात दगडापासून निघालेला ओढा थेट तुमेनला मिळत होता. आत गेलो तर ताक उबदार जमिनीवर मांडी घालून, ओले मोजे शेजारी वाळत घालून बसलेला. त्या खोलीत माझ्या वडिलांना जन्मात कुणी 'बस' म्हटलं नव्हतं.

"हा म्हणतो, ओढा तुमेनला मिळतच नाही," अंमलदार म्हणाले.

"हा कोण, सरकार?"

ताकच बोलला. "दादा, मी तीनदा चालत गेलो. दगडापासून हद्दीच्या खुणेला मातीचे ढीग घातलेत, त्यांच्या कडेकडेनं. पाणी आधी जमिनीत मुरतं. पुढं वर येतं ते उत्तरेला वळतं."

"मग माझे वडील आंधळे होते का?"

"ते गेले होते तिथं?"

त्यानं साधेपणानं विचारलं. मला मात्र मिरची लागल्यासारखं झालं. वडील कधी गेले नव्हते. मीही नाही.

"वॉन, तुझ्या वडिलांचा नकाशा देखणा आहे," अंमलदार म्हणाले. "घरी पडद्यावर चिकटव. मला कामाला हा लागेल."

पण ताकचं अक्षर म्हणजे कोंबडीनं उकरलेलं अंगण. त्याच्या कच्च्या कागदावरून पक्की नक्कल मीच करायची ठरली. आठ दिवस तो आमच्याच घरी राहिला. मी शाई उगाळायचो आणि तो शेजारी बसून बोलायचा, या वळणावर भोवरा आहे, त्या ओढ्याला उन्हाळ्यातही कंबरभर पाणी असतं. माझी बायको दारात उभी राहून ऐकायची.

"अहो, हे सांगतात तर पाय ओले झाल्यासारखे वाटतात," ती एकदा म्हणाली. वीस वर्षं माझे नकाशे वाळवायला तीच दोरीवर टाकत होती. तिनं कधी मान वळवून पाहिलं नव्हतं. त्या दिवशी ताकच्या राळ्याच्या भातावर सुक्या मासळीचा मोठा तुकडा होता. माझ्या भातावर शेपटी.

नवव्या दिवशी दुपारी तो मुसानला परतला आणि मी उरलेला कोपरा पुरा करायला बसलो. तिथं नदीपलीकडे सुतबावी नावाची सतरा घरांची वाडी होती. ताकची थोरली बहीण तिथंच दिलेली होती. मी वाडी काढलीच नाही. त्या जागी लिहिलं, 'गवत'. कच्चा कागद मी पेटीत तळाशी घातला.

चिनी अधिकारी आले, सगळे बर्फातून डोंगरावर जाऊन आले, भांडले, काही न ठरता परत गेले. पण पुढं चार वर्षांनी पलीकडे फर्मान निघालं, कपाळ भादरून चिन्यांसारखी वेणी घाला आणि चिनी कपडे घाला, नाहीतर जमीन सोडा. आमच्या अंमलदारांनी हरकतीचं पत्र पाठवलं. कुठली कुठली गावं आमची, ती यादी माझ्या नकाशावरून केली होती. सुतबावीचं नाव त्यात नव्हतं. नाव होतं तिथं चिन्यांनी थोडी सबुरी धरली. सुतबावीत पंधरा दिवसांत न्हावी पोचला.

ताक आमच्या दारात आला तो ओळखू येईना.

"दादा, ताईनं पोरांना घेऊन घर सोडलं. भावोजींनी कपाळ भादरून घेतलं, म्हणून ती त्यांच्याशी बोलत नाही." तो पायरीवर बसला. "यादीत वाडीचं नावच नाही म्हणे. सगळे ओढे काढले मी, आणि सख्ख्या बहिणीचं घर विसरलो. मी पुन्हा कुंचला धरणार नाही."

खोटं कशाला बोलू, मला आधी बरं वाटलं. मी म्हणालो, "होतं असं. माणूस आहे, चुकतो."

बायकोनं त्याला जेवायला वाढलं. तो न जेवताच गेला. ती ताट उचलेना.

"मला दाखवली होती त्यांनी ती घरं," ती म्हणाली. "सतरा ठिपके. एका घरावर धूर काढलेला. म्हणाले, वहिनी, ही माझी ताई." मग माझ्याकडे न बघता विचारलं, "कुठंय तो कागद?"

मी पेटी उघडली.

मुसानला पोचायला दोन दिवस लागले. ताक होडीत माणसं बसवत होता. मी कागद पुढं केला. त्यानं तो गुडघ्यावर पसरला, बोट फिरवलं आणि त्या कोपऱ्यावर थांबला.

"काढलं होतं की मी!" त्याचा चेहरा उजळला. आणि मग हळूहळू माझ्याकडे वळला. "का, दादा?"

"तुझ्यासारखं मला येत नव्हतं म्हणून."

"ए नावाडी, सोडतोस का उतरू?" होडीतून कुणीतरी ओरडलं. त्यानं कागद अंगरख्यात घातला आणि वल्हं उचललं. एक थोबाडीत दिली असती तर मी सुखानं परत आलो असतो.

हेर्योंगला येऊन मी अंमलदारांना सगळं सांगितलं. फटके बसले, काम गेलं. दुसरं पत्र पलीकडे गेलं, पण सुतबावीत तोवर डोक्यावर आमच्या रीतीचा बुचडा राहिलेला एकही पुरुष नव्हता.

ताक बहिणीला घेऊन आणखी उत्तरेला गेला. तिथं नव्यानं वसणारे लोक त्याच्याकडून ओढ्यांचे, वाटांचे नकाशे काढून घेतात असं ऐकतो. मी लग्नात मांडायच्या पडद्यांवर शकुनाची बदकं रंगवतो. पलीकडून कुणी आलं की मला राहवत नाही. मी त्याला बसवतो, पाणी देतो आणि विचारतो, "ताकच्या नकाशात काही चुकलेलं सापडलं का?"

"छे! डोळे मिटून चालावं," ते सांगतात.

त्या दिवशी मला अन्न गोड लागत नाही.