घरची बायोस

साहेब, तुम्ही माझ्या पुतणीला चोर म्हणालात. भर मंडपात.

नंदुरबारच्या त्या जुन्या गेमच्या प्रदर्शनाचा नियम तुमचाच. जुना गेम संगणकावर चालवून दाखवा, पण त्याला लागणारी बायोस फाईल स्वतःच्या कन्सोलमधून काढलेली हवी. बायोस म्हणजे कन्सोल चालू केला की सगळ्यांत आधी जागा होतो तो त्याचा प्रोग्राम. तो नसेल तर गेम उठत नाही.

आमच्या ग्रेसीकडे कन्सोल होता. तिचा बाप, माझा भाऊ इमॅन्युएल, ऊसतोडीला बारडोलीकडे जायचा. येताना व्याऱ्याच्या भंगारातून त्यानं तो आणला. नवापूरच्या डोंगरातला आमचा अख्खा पाडा त्यावर गाड्यांच्या शर्यतीचा गेम खेळला. मग तो डिस्क वाचेना, म्हणून ग्रेसीनं तोच गेम संगणकावर चालवायला घेतला.

बायोस नेटवर पडलेल्या होत्या, प्रत्येक मुलखाची वेगळी. जपानची घातली, तर आमची युरोपची डिस्क ती घेईना. युरोपची घातली, गेम झकास सुरू! मीच म्हणालो, "ग्रेसी, हीच ने. साहेबाला काय कळतंय?"

"काका, मला कळतंय ना!"

तिची आई कालीबाई भाताचं बियाणं पाखडत होती. सूप न थांबवता म्हणाली, "घरात बी असताना दुकानात कोण जातं?"

पोरीनं कन्सोल खोलला, त्यातली बायोस काढायला आतून संगणकापर्यंत वायरी डकवल्या. फाईल दरवेळी अर्धवटच यायची. पावसाळाभर भिडली होती. एके दिवशी पूर्ण आली आणि गेम आमच्या फाईलवर उठला. पाड्यातली सगळ्यांत म्हातारी खेळाडू पारुबाई ओरडली, "सरका रे! पहिली गाडी माझी!"

आणि तुम्ही काय म्हणालात? "डोंगरातल्या घरात कन्सोल? डाउनलोडच केलंय. चोरी आहे ही." तिच्या नावाची पाटी काढायला लावलीत.

ती रडली नाही. टेबल उचललं, फाटकाबाहेर रसवंतीवाल्याकडून वीज घेतली, गेम लावला. लोक मंडपातून उठून तिकडे आले. "मन्हा नंबर कव्हय लागी, बहीन?" एक जण अहिराणीत आपली पाळी कधी ते विचारत होता. मी तिचा सख्खा काका, मीसुद्धा रांगेत उभा राहिलो. ताठ उभा राहिलो.

साहेब, मंडपात तो कन्सोल तुमच्या पुढ्यात होता. झाकण काढलेलं, वायरी लोंबत. तुम्ही वाकून का पाहिलं नाहीत?

उत्तर द्या.