मागच्या खोलीचा नियम

तिच्या नवऱ्याला सगळं शहर 'सर' म्हणायचं. तिची धाकटी बहीण मात्र त्यांना पाठीमागे चारचाकी म्हणायची. "ताई, तुझी चारचाकी आज कुठल्या रस्त्याला लागलीय?" असं ती फोनवर विचारायची, आणि ते अगदीच वाह्यात नव्हतं. सर वर्तमानपत्रात चित्रांवर लिहायचे, इतरांची चित्रप्रदर्शनं मांडून द्यायचे, नाटकं लिहायचे, आणि संध्याकाळी दोघं-तिघं मित्र जमले की क्लॅरिनेट वाजवायचे. त्यांच्या नाटकांना चालीही त्यांच्याच असायच्या. यातल्या एकेका कामात लोकांची हयात जाते. यांनी चारही ओढली आणि चारही वेळा हाताला यश आलं.

ती चित्रं काढायची. घराच्या मागच्या बाजूला, कपडे वाळत घालायच्या जागेला लागून एक खोली होती, तिथे. लग्न झालं तेव्हाच सरांनी एक नियम घातला होता. टीकाकारानं घरच्या माणसावर लिहायचं नाही, घरच्या माणसाचं चित्र आपल्या प्रदर्शनात टांगायचं नाही. आणि लिहायचं नसेल तर बघायचंही नाही, कारण बघितलं की मत होतं, आणि मत झालं की ते तोंडावर दिसतं.

"ज्या दिवशी लेखणी खाली ठेवीन," ते म्हणाले होते, "त्या दिवशी पहिला तुझ्या खोलीत येईन. परक्याचं बघतो तसं बघेन. चांगलं असेल तर मीच टांगेन."

तिला त्या वेळी नवऱ्याचा केवढा अभिमान वाटला होता. नाकासमोर चालणारा माणूस आपल्याला मिळाला, असं ती मनात धरून बसली आणि तो नियम तिनं त्यांच्यापेक्षा कडक पाळला. एका कलादालनाच्या मालकानं एकदा चित्रं मागितली, तर हिनंच नको म्हटलं. उद्या लोक म्हणायचे, सरांच्या वशिल्यानं लागली. पुढे कुणी विचारेनासं झालं. नवराच हिची चित्रं कधी टांगत नाही, तेव्हा त्यांत काही राम नसणार, असा सरळ हिशेब लोकांनी केला.

"हा नियम आहे का कडीकुलूप?" बहीण म्हणायची.

"तुला नाही कळायचं."

"मला कळतं, म्हणून तर विचारते."

सर खोलीत पाऊल टाकायचे नाहीत. चहा त्यांनी केला की दाराबाहेर उभे राहून खाकरायचे, कप कठड्यावर ठेवायचे आणि मुद्दाम वाळत्या कपड्यांकडे बघत परत जायचे. तिला ते बघून हसू यायचं.

म्हातारपण आलं तसं संग्रहालयानं सरांच्या सगळ्या कामाचं मोठं प्रदर्शन भरवायचं ठरवलं. चार कामांच्या चार खोल्या. सरांनी शेवटचा लेख लिहिला, आता टीका बंद म्हणून जाहीर केलं आणि घरी येऊन म्हणाले, "चार खोल्यांना जोडणारा एक बोळ आहे. भिंत कोरी आहे, उजेड चांगला आहे. तिथे तू."

तिच्या हातापायांत वारं शिरलं. आठवडाभर ती चित्रं पुसत होती, लावत होती, पुन्हा काढत होती. रिकाम्या खुर्च्या, घरांमधले अरुंद बोळ, जिन्याच्या वळणावर पडलेला उजेड. तिची चित्रं अशी होती. माणूस एकातही नव्हता, पण आत्ताच कुणीतरी उठून गेल्यासारखं वाटायचं.

रविवारी सकाळी सर खोलीत आले. चप्पल बाहेर काढली. ती खिडकीशी उभी राहिली. आजवर प्रत्येक प्रदर्शनाला ती त्यांच्याबरोबर गेली होती, त्यांचं बघणं तिला तोंडपाठ होतं. चित्र वाईट असलं की सर गोड बोलायला लागायचे, चित्रकाराच्या खांद्यावर हात ठेवायचे. चांगलं असलं की एकदम गप्प व्हायचे आणि मग, स्वतःला न कळता, घशातल्या घशात गुणगुणायचे.

पहिल्या चित्रापुढे सर गप्प झाले. दुसऱ्यापुढे गुणगुणायला लागले. तिच्या डोळ्यांत पाणी आलं. एवढ्यासाठीच तर ती थांबली होती. भिंत काय, मिळाली तर मिळाली. हा डोळा हवा होता.

सर शेवटपर्यंत गेले, परत वळले, आणि चष्मा वर करून सहज म्हणाले, "आणि ते निळ्या दाराचं कुठंय?"

"कुठलं?"

"अगं ते. अर्धवट उघडं दार आणि भिंतीकडे तोंड करून ठेवलेली खुर्ची. ते तर सगळ्यात…" आणि ते थांबले.

ते चित्र तिनं फार पूर्वी काढलं होतं आणि कुणालाही दाखवलं नव्हतं. दाखवायच्या आधीच सरांचं नाटक आलं होतं. सरांचं सगळ्यात गाजलेलं नाटक, ज्याच्यामुळे त्यांना बाहेरगावचे लोक ओळखायला लागले. पडदा वर गेला तेव्हा रंगमंचावर निळं दार होतं, अर्धवट उघडं, आणि समोर भिंतीकडे तोंड केलेली खुर्ची. तीन अंक नुसते त्या दाराभोवती फिरत होते. पहिल्या रांगेत बसलेल्या तिला तोंडात मारल्यासारखं झालं होतं.

पण सरांवर संशय घ्यायचं तिच्या मनातही आलं नाही. ते खोलीत येत नाहीत, म्हणजे येत नाहीत. सर लिहिताना घरभर फिरत संवाद मोठ्यानं म्हणायचे. भिंतीपलीकडून ते आपल्या कानावर पडले असणार, आणि आपण न कळत उचलले असणार, असं तिनं स्वतःशी ठरवलं. चोरी आपणच केली. लाजेनं तिनं ते चित्र टर्पेंटाइननं पुसलं, कापड फाडलं आणि त्याची ब्रश पुसायला फडकी केली. त्यानंतर तिनं दार म्हणून काढलं नाही.

"तुम्ही कधी बघितलंत?" तिनं विचारलं.

"कधीतरी. दार उघडं राहिलं असेल."

"मी कायम लावून घ्यायचे."

सर चष्मा पुसायला लागले. "तू बहिणीकडे जायचीस तेव्हा."

"एकदा?"

"बऱ्याचदा."

"सगळी बघितलीत?"

"तू काढायचीस तशी."

कपडे वाळत घालायच्या तारेवर एक टॉवेल फडफडत होता. तिला वाटलं, हा माणूस दर वेळी चहा ठेवून त्या तारेकडे बघत जायचा, ते नाटक त्याच्या बाकीच्या सगळ्या नाटकांहून चांगलं वठलं होतं.

"कशी होती?" तिनं विचारलं. विचारायचं नव्हतं, पण तोंडून गेलं.

"फार चांगली. म्हणून तर डोक्यातून जाईना. लिहायला बसलो की ते दारच यायचं पुढ्यात."

"मग त्यावर लिहिलं का नाहीत?"

"नियम होता ना आपला."

"बघायचं नाही असाही होता."

सरांनी पुसलेला चष्मा पुन्हा पुसायला घेतला.

"मला वाटलं, मीच तुमचं चोरलं. मी ते पुसून टाकलं. फाडून फडकी केली त्याची."

"फाडलंस?" सरांच्या चेहऱ्यावर हळहळ आली, अगदी खरी. पण त्या हळहळीमागोमाग त्यांचे खांदे जरासे सैल झाले. आयुष्यभर बघण्याचंच काम केलेल्या दोघांचं घर ते. तिच्या नजरेतून ते सुटलं नाही.

मग ते तिच्याजवळ आले. चुकलं म्हणाले. संग्रहालयाच्या संचालिकेला आपण होऊन सांगतो म्हणाले, नाटकाच्या खोलीत पाटीवर छापू, की हे दार आधी हिच्या चित्रात होतं.

"नक्की?"

"शब्द देतो."

तिनं तो घेतला. एवढ्या वर्षांची सवय.

चित्रं लावायच्या दिवशी ती संग्रहालयात पोचली तेव्हा नाटकाच्या खोलीत तो रंगमंच पुन्हा उभा केलेला होता. ताज्या निळ्या रंगाचा वास येत होता. बोळात तिची चित्रं भिंतीला टेकवून ठेवली होती, सुतार शिडीवर चढला होता, सर टेप धरून मापं सांगत होते. संचालिका लगबगीनं आली. हुशार, भराभर बोलणारी बाई. एकेका चित्रापुढे खरोखर थांबली.

"वहिनी, तुम्ही हे लपवून का ठेवलंत? किती छान आहेत. या खुर्च्या, हे बोळ. सरांच्या नाटकाचा केवढा ठसा आहे यांच्यावर. आपण नाटकाच्या खोलीच्या तोंडाशीच लावू या, म्हणजे लोकांना लगेच धागा सापडेल."

तिनं सरांकडे बघितलं. म्हणजे अजून सांगितलेलं नव्हतं. हरकत नाही, आता सांगतील. ती थांबली. सुतारही हातोडी धरून थांबला.

सर टेप गुंडाळत म्हणाले, "एका घरात राहिलं की थोडंफार उतरतंच."

संचालिका हसली.

"दार माझं आहे," ती म्हणाली.

"काय म्हणालात?"

"आतलं ते निळं दार. आणि खुर्ची. नाटकाच्या आधी मी काढलं होतं ते चित्र. यांनी माझ्या मागे खोलीत जाऊन बघितलं. यांना विचारा."

संचालिकेनं सरांकडे बघितलं. सर बायकोजवळ आले, तिच्या खांद्यावर हात ठेवला, आणि फार गोड आवाजात म्हणाले, "तिला तसं वाटतं खरं. आता ते चित्रच नाहीये ना, त्यामुळे…"

पुढचं त्यांनी बोलून दाखवलं नाही. दाखवायची गरजही नव्हती. संचालिका "हो, हो, होतं असं," म्हणाली, जसं आजारी माणसाला म्हणतात, आणि फोन आल्याचं निमित्त करून बाजूला गेली.

"वहिनी, खिळा इथे मारू का?" सुतारानं विचारलं.

"नका मारू. खाली या आणि जरा हात लावा. ही बाहेर न्यायचीत."

"अगं, तमाशा नको," सर दबक्या आवाजात म्हणाले. "इतकी वर्षं थांबलीस. आता भिंत मिळतेय तर…"

"इथे लावली की ती तुमची होतात."

"मी लिहीन यांच्यावर. मोठा लेख लिहीन. तुला हवा होता तसा."

"आता तुम्ही चांगलं लिहिलंत तरी मला कसं कळणार, खरं लिहिलंय का?" ती म्हणाली. तिच्या आवाजात राग नव्हता. ती खरंच विचारत होती. मग वळून तिनं पहिल्या चित्राला हात घातला.

सुतारानं एकेक चित्र सांभाळून पायऱ्यांपर्यंत आणून दिलं. ती पायरीवर बसली आणि बहिणीला फोन लावला.

"गाडी घेऊन ये. चित्रं न्यायचीत."

"म्हणजे? आज लावायची होती ना? भावोजींनी बघितली का नाही अजून?"

"बघितली."

"काय म्हणाले?"

"फार चांगली आहेत म्हणाले."

"मग झालं की. आवाज का असा येतोय तुझा?"

"ये आधी, मग सांगते." तिनं पदरानं नाक पुसलं. "आणि निघायच्या आधी तुझ्या पुढच्या खोलीतलं कपाट बाजूला सरकव. मला ती भिंत सगळी लागेल."