मामांच्या मध्यस्थीने

प्रयोगशाळेतल्या सांगाड्याला सगळी शाळा मामा म्हणायची. मामा शाळेतले सर्वांत जुने कर्मचारी. बाकी जो जो गेला, त्याच्या जागी त्याचा मुलगा नाहीतर मुलगी अनुकंपा तत्त्वावर लागली. मामांच्या जागी मात्र मामाच टिकून होते, कारण त्यांना आणखी मरायची सोय नव्हती.

लेखनिकाच्या खुर्चीत लेखनिकाचा मुलगा, घंटेजवळच्या स्टुलावर जुन्या शिपायाची लेक. जागेबरोबर टोपणनावही मिळायचं. त्यामुळे गेलेल्या प्रयोगशाळा परिचराची मुलगी त्याच्या जागी रुजू व्हायला आली, तेव्हा स्टुलावरची म्हणाली, "ये गं नळी, ये."

नळी हे तिच्या वडिलांचं नाव. ते परीक्षानळीसारखे सरळसोट होते. ही चांगली गुबगुबीत. पण नाव रिकामं पडलं होतं, आणि रिकामी जागा भरणं भाग होतं.

नावाबरोबर भांडणही वारशाने येतं, हे तिला आत गेल्यावर कळलं. रसायनशास्त्राचे अ‍ॅसिड सर फळा पुसत होते. तिने नमस्कार केला. सरांनी मान वळवली ती थेट कोपऱ्याकडे.

"मामा, हिला सांगा, बीकर अजून धुतलेले नाहीत."

दुसरी कुणी असती तर हसली असती, नाहीतर घाबरली असती. हिने मात्र सवयीने मामांकडे बघितलं. लहानपणी शाळा सुटली की ती बाबांची वाट बघत याच खिडकीत पाय हलवत बसायची, आणि हेच ऐकायची.

"मामा, सरांना सांगा, बीकर धुतलेत. डाग काचेतच आहे."

"मामा, त्याला सांगा, डाग काचेत नसतो, धुणाऱ्याच्या डोळ्यांत असतो."

मोठी माणसं अशीच बोलतात, असं तेव्हा तिला वाटायचं. घरी एकदा रुसल्यावर तिने कपाटाकडे तोंड करून, "आईला सांगा, मला जेवायचं नाही," असं म्हणूनही बघितलं होतं. कपाटाने निरोप पोचवला नाही. आईने मात्र ताट उचललं.

"मामा," ती आता म्हणाली, "सरांना सांगा, लगेच धुते."

सरांचा हात फळ्यावर क्षणभर थांबला. मग पुन्हा पुसू लागला.

भांडणाचं मूळ शाळेला तोंडपाठ होतं. सरांनी प्रदर्शनासाठी मोरचुदाचा खडा वाढवायला घेतला होता. आडव्या पेन्सिलीला दोरा, दोऱ्याला खडा, खाली बीकरमध्ये निळं पाणी. रोज कणाकणाने वाढत खडा सुपारीएवढा झाला. मग एका घाईच्या दिवशी सरांनी तो बीकर चुकून धुण्याच्या टेबलावर ठेवला, आणि टेबलावर येईल ते धुवायचं, या नेमाने बाबांनी तो गरम पाण्याने लख्ख धुतला. खडा विरघळून मोरीत गेला.

"दोरा दिसला नाही तुला?"

"मग या टेबलावर ठेवलात कशाला?"

चूक दोघांची अर्धी अर्धी होती, त्यामुळे अख्खी माफी कोण मागणार हे शेवटपर्यंत ठरलं नाही.

तिचा परिविक्षेचा काळ संपत आला. कायम व्हायला सरांचा शेरा हवा होता. तो वाईट आला तर नोकरी गेली. एका मरणावर सरकार एकदाच हळहळतं. घरी आई होती आणि आईचे गुडघे होते.

"सर कशालाही समाधानकारक म्हणत नाहीत," लेखनिक म्हणाला. "शुद्ध पाण्यालासुद्धा."

"मग मी काय करू रे दादा?"

"मामांना गाठ. तुझं आजोळ आहे ते."

घरी कपाटावर घट्ट झाकणाची एक बरणी होती. भांडणानंतर बाबांनी ती स्वयंपाकघराच्या खिडकीत मांडली होती. पेन्सील, दोरा, निळं पाणी. "विष पाळलंय घरात!" आई करवादायची. मुलांना त्या खिडकीजवळ शिंकायचीही बंदी होती. खड्याला कधी कान फुटायचे, कधी शेपूट. बाबा निमूटपणे पुन्हा सुरुवात करायचे. शेवटचा एक मात्र नीट कोनात वाढला.

"आता द्या की नेऊन त्यांना," आई म्हणायची.

"अजून थोडा होऊ दे."

थोडा होऊ दे म्हणता म्हणता खडा राहिला आणि बाबा गेले. आई बरणीला अजूनही शिव्या घालत होती, पण पुसत मात्र न चुकता होती.

ही लाच होईल का, असं तिच्या मनात येऊन गेलं. पण लाच द्यायची वस्तू आपली असावी लागते. हा खडा मुळात सरांचा होता. पोचवायला उशीर झाला, इतकंच.

सकाळी सर आले, तेव्हा मामांच्या बोटाला बांधलेल्या दोऱ्यावर निळा खडा लोंबत होता.

सर जवळ गेले. "मामा, हा कुणाचा?"

"मामा, सरांना सांगा, बाबांनी त्यांच्यासाठी वाढवलाय. पुरेसा मोठा झाला नाही म्हणून आणला नाही."

सरांनी चष्मा कपाळावर चढवून खडा डोळ्यांजवळ धरला, फिरवला. "मामा, त्याला सांगा," ते म्हणाले, आणि अडखळले. त्याला म्हणजे कुणाला, हे त्यांचं त्यांनाच उमगलं असावं. "त्याला सांगा, एक कोपरा किंचित बोथट आहे. बाकी... बाकी माझ्यापेक्षा बरा आहे."

मामांनी निरोप घेतला. तो पोचवायला त्या शाळेत त्यांच्याइतकं लायक दुसरं कुणी नव्हतं.

तेवढ्यात मुख्याध्यापिकाबाई दारात आल्या. "सर, हिच्या शेऱ्याचं काय करायचं? आज पाठवायचा आहे."

ती टेबलाची कड धरून उभी राहिली. सरांनी कोरा बीकर घेतला, कपाटातून निळं द्रावण काढून त्यात ओतलं, खिशातली पेन्सील आडवी ठेवली आणि मामांच्या बोटावरचा दोरा सोडून पेन्सिलीला बांधला. खडा हळूच पाण्यात उतरला. मग तो बीकर त्यांनी उचलून धुण्याच्या टेबलावर, अगदी मधोमध ठेवला.

"वर्षभरात लिंबाएवढा होईल," ते म्हणाले. पहिल्यांदाच मामांकडे न बघता, सरळ तिच्याकडे बघून. "तोवर हा धुवायचा नाहीस. कळलं ना नळी?"

बाई दारातच शेऱ्यात 'समाधानकारक' लिहून निघून गेल्या.