पोपमहोदयांचं कोपर

पोपमहोदय देवाघरी जाऊन वर्ष होत आलं, तेव्हा धर्मग्रामाच्या, म्हणजे चर्चच्या हद्दीतल्या वस्तीच्या, समितीला त्यांच्या साधेपणाची फारच आठवण यायला लागली. इतकी, की ती आठवण साधेपणानं काढणं कुणालाच पटेना. चर्चशेजारच्या सभागृहात प्रदर्शन भरवायचं ठरलं. बारा फलक, लाल गालिचा, छतातून सोडलेले दिवे, उद्घाटनाला खुद्द बिशप. आणि मधोमध काचेच्या पेटीत पोपमहोदयांच्या पांढऱ्या झग्याची हुबेहूब नक्कल.

त्या झग्याची गोष्ट सगळ्यांना पाठ होती. त्याचं कोपर विरलं तेव्हा लोक नवा झगा घेऊन धावले. पोपमहोदय म्हणाले, "बाही फाटली आहे, मी नाही. रफू करा." आता पोपमहोदयांचं जे फाटलं ते समितीला नवीन कापड आणून फाडावं लागणार होतं. पण भक्तिभावापुढे कापडाचं काय एवढं.

म्हणून कोपराला भोक पाडलेला झगा आला रफूवालीकडे.

रफूवाली बसायची लाँड्रीच्या जिन्याखाली. बसल्यावर उभं राहता येत नसे आणि उभं राहिल्यावर बसता येत नसे, एवढीच जागा. तिथं एक स्टूल, एक दिवा, आणि टोपलीत तिची सहा महिन्यांची लेक ठमी. ठमी हे काही खरं नाव नव्हे. खरं नाव आईनं ठरवून ठेवलं होतं, पण ते बाप्तिस्म्याच्या दिवशीच मोठ्यानं उच्चारायचं असं तिचं तिनंच ठरवलं होतं. आणि बाप्तिस्मा होत नव्हता.

त्यासाठी ती फादरांकडे तीनदा जाऊन आली होती. पहिल्या वेळी फादर म्हणाले, "लग्नाचा दाखला आण." लग्न झालंच नव्हतं, तर दाखला कुठला. ज्याच्याशी व्हायचं होतं तो परगावी कामाला म्हणून गेला, तो गेलाच. दुसऱ्या वेळी फादर म्हणाले, "समितीपुढे ठेवतो." तिसऱ्या वेळी त्यांना मान वर करायलाही फुरसत नव्हती. ते पोपमहोदयांच्या शिकवणीवर फलक लिहीत होते.

ठमी झोपली की सुई चालायची, ठमी उठली की थांबायची. झग्याच्या आतल्या दुमडीतून धागे काढून तिनं कोपराचं भोक विणून काढलं. दोन दिवस लागले. तिसऱ्या दिवशी अध्यक्षबाई आल्या. त्या सदान्‌कदा सूचनांचा कागद हातात धरून फिरत, म्हणून लोक त्यांना पाठीमागे 'परिपत्रक' म्हणत. त्यांनी बाही उजेडात धरली, उलटी केली, पुन्हा सुलटी केली.

"रफू कुठाय?"

"तुमच्या अंगठ्याखाली."

"दिसत नाही."

"दिसलं असतं तर त्याला ठिगळ म्हटलं असतं, बाई."

"अगं, पण लोकांना कळणार कसं? साधेपणा मागच्या रांगेतून दिसायला हवा."

"भोक मोठं करू?"

"मोठं नको, बिशप येणार आहेत. नीटनेटकं भोक कर. आणि करड्या धाग्यानं शिव, ठसठशीत." मग अध्यक्षबाईंनी ठमीकडे पाहिलं, गाल धरावा की नाही याचा समितीच्या दृष्टीनं विचार केला, आणि नाही धरला.

जन्मभर जे लपवायला शिकले तेच दाखवायला सांगतात, म्हणत रफूवालीनं आपलंच काम उसवलं. असल्या कामाला स्वतःच्या पोटावर पाय देऊन 'नाही' म्हणण्याइतकी ती अजून पोपमहोदयांच्या पायरीला पोचली नव्हती.

शुक्रवारी दुपारी झगा पुतळ्यावर चढवायचा होता. पुतळा आणला होता कपड्यांच्या दुकानातून. त्याचे खांदे पहिलवानाचे आणि पोट पाठीला लागलेलं. पोपमहोदय बेताच्या उंचीचे, जरा वाकलेले, पोटानं सुखवस्तू. अशा बांध्याचा माणूस सगळ्या धर्मग्रामात एकच होता. अध्यक्षबाईंनी मापासाठी फादरांना स्टुलावर उभं केलं, झगा चढवला, दोन्ही हात आडवे पसरायला लावले आणि म्हणाल्या, "आता हलू नका. मी गालिचावाल्याकडे बघून येते."

रफूवालीनं तोंडात टाचण्या धरल्या आणि बाहीपासून सुरुवात केली. सभागृह झाडणाऱ्या मावशींनी केरसुणी भिंतीला टेकवून ठमीला कडेवर घेतलं होतं. ठमी मावशींचं नाक उपटून बघत होती.

नुसतं उभं राहून काय करायचं, म्हणून फादरांनी बिशपांना द्यायच्या माहितीची तालीम सुरू केली. "फलक पहिला. बालपण. चांभाराच्या घरात जन्म. फलक दुसरा..." आवाज छान लागला होता. पाठांतरही चोख. सहाव्यापर्यंत गाडी सुरळीत आली. सातव्याला त्यांचं लक्ष समोर गेलं, मावशींच्या कडेवर.

"फलक आठवा," फादर म्हणाले.

"सातवा राहिला, फादर," मावशी म्हणाल्या.

"सातवा वेळ कमी असेल तर गाळायचा, असं ठरलंय."

"आज आहे की वेळ. तुम्हाला कुठं जाताही यायचं नाही, चौफेर टाचण्या आहेत."

फादरांनी घसा खाकरला. "फलक सातवा. पोपमहोदय खेड्यातले साधे धर्मगुरू होते तेव्हाची गोष्ट. एक तरुण आई बाळाला घेऊन दाराशी आली. बाळाला बाप नव्हता. सोबतचे लोक चौकशी करू लागले. तेव्हा ते म्हणाले, 'आई दाराशी आली की आधी पाणी आणा. प्रश्न नंतर विचारा.'" शेवटी शेवटी आवाज इतका बारीक झाला की बिशपांना कानामागे हात धरावा लागला असता.

रफूवालीनं तोंडातल्या टाचण्या तळहातावर काढल्या.

"नंतर कुठले प्रश्न विचारले त्यांनी?"

"म्हणजे?"

"आधी पाणी, प्रश्न नंतर. नंतरचे कुठले ते सांगा, मी उत्तरं तयार ठेवते."

"ते कुठं लिहिलेलं नाही."

"विचारलेच नसतील," मावशी म्हणाल्या. "विसरले असतील बाळाच्या नादात."

फादरांच्या कपाळावर घाम आला. पुसायला हात मोकळा नव्हता. खरं तर माणूस वाईट नव्हता. फक्त रविवारी देवाला भ्यायचा आणि उरलेले सहा दिवस समितीला. "मंगळवारी दुपारी ये," ते हळूच म्हणाले. "मागच्या दारानं. त्या वेळी कुणी नसतं. पाच मिनिटांत उरकू."

मावशींनी डोळ्यांनी खुणावलं, घे पदरात पाडून.

रफूवालीचा हात थांबला. मंगळवार म्हणजे चारच दिवस. ठमीला नाव मिळालं असतं. कुणाला कळलंही नसतं, आणि कुणाला न कळेल असं काम करण्यात तर तिचा हात धरणारं कुणी नव्हतं. पण त्या कामाला आधी भोक लागतं. ठमी काही भोक नव्हती. ठमीला दोन दात फुटत होते, हसताना डाव्या गालावर खळी पडत होती, आणि तिला मागच्या दारानं नेऊन गुपचूप शिवून टाकावं असं तिच्यात काहीच फाटलेलं नव्हतं.

"नको," ती म्हणाली. "रविवारी. पुढच्या दारानं, सगळ्यांदेखत."

"रविवारी बिशप आहेत."

"चांगलं आहे. मीही अंघोळ घालून आणते हिला."

"अध्यक्षबाईंना काय सांगू मी?"

"मला काय विचारता? झगा तुम्ही घातलाय."

फादरांनी खाली पाहिलं. पांढरं कापड, पांढरी बटणं, पायाशी पांढरा घोळ. तेवढ्यात गालिचावाल्याचा उद्धार आटोपून अध्यक्षबाई परतल्या.

"रविवारी मिस्साच्या उपासनेत एक बाप्तिस्मा आहे," फादर एका दमात म्हणाले. दम मोडला असता तर धीरही मोडला असता. "हिच्या मुलीचा."

"कार्यक्रमपत्रिकेत नाही."

"पेनानं लिहितो."

"आणि दाखला?"

"आधी पाणी. फलकावर आहे. तुम्हीच मंजूर केलाय, दोनदा शुद्धलेखन तपासून."

"फादर, ते त्यांचं चरित्र आहे," अध्यक्षबाई लहान मुलाची समजूत काढावी तशा म्हणाल्या. "आपली कार्यपद्धती नव्हे."

"मग मी हा उतरवतो. बिशपांना बारा फलक तुम्हीच समजावून सांगा." फादरांनी खरंच हात खाली घेतला. टाचणी लागली, पण त्यांनी हात पुन्हा वर केला नाही.

अध्यक्षबाईंनी कागद पाहिला. त्यावर या प्रसंगासाठी सूचना नव्हती. "पाच मिनिटं," त्या शेवटी म्हणाल्या. "आणि बाळ रडायला नको."

रविवारी चर्च भरलं होतं. बिशप पुढे, समिती त्यांच्या मागे, समितीच्या नव्या कपड्यांचा वास सगळ्यांच्या पुढे. रफूवाली ठमीला घेऊन मधल्या वाटेनं चालत आली तेव्हा दोन्ही बाजूंनी कुजबुज उठली. तिनं ती ऐकली. पावलं मात्र मोजून टाकली, कारण ठमी नुकतीच झोपली होती.

"बाळाचं नाव?" फादरांनी विचारलं.

सहा महिने जे नाव ती दिव्याखाली, टोपलीत वाकून, पुटपुटत होती, ते तिनं सांगितलं. आवाज जरा चिरकला, म्हणून तिनं ते पुन्हा सांगितलं. पाणी पडलं. ठमी दचकून जागी झाली आणि तिनं असा गळा काढला की गाणारे थांबले आणि अध्यक्षबाईंनी डोळे मिटून घेतले. मावशी पहिल्याच रांगेत बसून आजूबाजूच्यांना सांगत होत्या, आवाज खणखणीत आहे हो पोरीचा.

डोकं पुसायला समितीनं पांढराशुभ्र रुमाल ठेवला होता, पण तो फोटोपुरता होता म्हणे. आईनं आपल्या बाहीनंच पुसलं, मानेच्या वळ्या, कानामागचं, सगळं, आणि ओल्या कानाशी तोंड नेऊन लेकीला तिच्या नावानं हाक मारली.