टॅम्झिनच्या हयातीचा दाखला

टॅम्झिनने हातातली काठी मॅजिस्ट्रेट थॉर्नडाइकच्या टेबलावर आडवी टाकली आणि कुणी बस म्हणायच्या आत समोरची खुर्ची ओढून ती बसली.

"साहेब, माझ्याकडे नीट बघा. मी जिवंत आहे की नाही?"

"आहेस की. चांगली ठणठणीत आहेस."

"मग तेवढंच लिहा. टॅम्झिन हॅनफर्ड, वय सहासष्ट, आज माझ्यासमोर स्वतःच्या पायांनी चालत आली. खाली सही ठोका. वर्षातून दोनदा लिहिता, हाताला सवय असेल."

थॉर्नडाइकने लेखणी उचलली, तिच्या टोकाकडे पाहिलं आणि परत खाली ठेवली.

"कशावर लिहू?"

"कागदावर. आणखी कशावर?"

"कुठल्या कागदावर, ते विचारतोय. साध्या कागदावर लिहिलं तर लंडनची कचेरी तो केरात टाकेल. नोव्हेंबरपासून वसाहतीतला प्रत्येक दाखला सरकारला कर भरून घेतलेल्या स्टॅम्पाच्या कागदावर हवा. आणि स्टॅम्पाच्या कागदावर लिहिलं, तर तुझाच मुलगा पेलेग चार टाळकी घेऊन माझ्या खिडक्या फोडायला येईल. आता तूच सांग, मी काय करू?"

"म्हणजे मी जिवंत आहे, पण तसं म्हणायची सोय नाही."

"थोडं थांब ना. पार्लमेंटात रोज भांडणं चाललीत म्हणे. कायदा मागेही घेतील."

"घेतील तेव्हा घेतील. तोवर ऑनरने काय खायचं?"

टॅम्झिनने काठी उचलली आणि दार उघडं टाकून ती निघून गेली. जानेवारीचा वारा त्याच्या सगळ्या कागदांवरून फिरला.

ही ऑनर कोण, ते अमेरिकेच्या किनाऱ्यावरच्या आमच्या गल्स कोव्हमध्ये पोराटोरांनाही ठाऊक होतं. साठ वर्षांपूर्वी, राणी ॲनच्या लढाईसाठी सरकारने कर्ज काढलं होतं. जो पैसे देईल त्याला वर्षासन मिळणार. कुठवर, तर तो ज्याचं नाव लिहून देईल ते माणूस जिवंत असेतोवर. नाव कुणाचंही चालत होतं. इंग्लंडातल्या डेव्हनमधल्या डॉक्टर लस्कमनी आपल्या एकुलत्या एक लेकीसाठी, ऑनरसाठी, पैसे गुंतवले. पण नाव तिचं लिहायला त्यांचा हात धजेना. पोर दमेकरी, रात्रंदिवस खोकायची, ओठ निळे पडायचे. मग त्यांनी स्वयंपाकिणीच्या सहा वर्षांच्या मुलीला समोर उभं केलं, बाजारात वासरू चाचपावं तसा तिचा दंड चाचपला आणि म्हणाले, "ही टिकेल."

दारात उभ्या असलेल्या ऑनरने ते ऐकलं होतं.

तेव्हापासून टॅम्झिनच्या श्वासावर ऑनरची भाकरी. टॅम्झिनने झाडावर चढायचं नाही, गोठलेल्या तळ्यावर जायचं नाही, आजारी माणसाजवळ बसायचं नाही. चोविसाव्या वर्षी तिने पिंपं बनवणाऱ्या हॅनफर्डशी लग्न केलं आणि समुद्र ओलांडून इकडे यायचं ठरवलं, तेव्हा लस्कमांच्या घरात नुसता आकांत झाला. जा म्हणाली ती एकटी ऑनर. त्याला बेचाळीस वर्षं झाली. इकडून वर्षातून दोनदा दाखला जायचा, सोबत टॅम्झिनच्या दोन ओळी: मी बरी आहे, दाखला पाठवत आहे. तिकडून ऑनरचं पत्र यायचं आणि त्याची सुरुवात ठरलेली: 'खोकला कसा आहे? फ्लॅनेल घालतेस ना?'

टॅम्झिनला उभ्या आयुष्यात एकदाच खोकला झाला होता, इथल्या पहिल्या हिवाळ्यात. तिने तो चुकून कळवला, त्यावर बेचाळीस वर्षं ही चौकशी. "मला नाही विचारत ती," टॅम्झिन शेजारणींना हसून सांगायची, "आपल्या वर्षासनाच्या तीस पौंडांना विचारते, बरे आहात ना म्हणून." शेजारणी हसायच्या. टॅम्झिनला मात्र ते आत कुठेतरी टोचायचं, आणि तरीही एकूण एक पत्र तिने पत्र्याच्या डब्यात जपून ठेवलं होतं.

थॉर्नडाइककडून ती तडक मुलाच्या कारखान्यात गेली. तिथे पिंपं कमी आणि राजकारण जास्त अशी त्या हिवाळ्यात स्थिती होती. पेलेग एका पिंपावर लोखंडी कडं ठोकत होता. लोहार जॅबेझ फळ्यांच्या ढिगावर पाय पसरून बसला होता आणि शाळामास्तर गमॅलिएल बॉस्टनहून आलेलं पत्रक मोठ्याने वाचत होता.

"आई, इथे कामाचं बोलणं चाललंय," पेलेग म्हणाला.

"दिसतंय ना. दोघं बोलतायत आणि एकटा काम करतोय. वाच रे मास्तर, थांबलास का?"

मास्तराने घसा साफ केला. "तेरा कोटी पौंड! तेरा कोटी कर्ज करून ठेवलंय मावशी, या लोकांनी. लढाया त्यांनी ठरवल्या, कर्ज त्यांनी काढलं, पार्लमेंटात आपला एक माणूस नाही. आणि कर भरायचा आपण? हे कर्ज म्हणजे राक्षस आहे राक्षस, सगळ्यांना गिळल्याशिवाय राहायचा नाही."

टॅम्झिनने एक पिंप उपडं केलं आणि त्यावर ती ऐसपैस बसली.

"तो राक्षस इथेच बसलाय. नीट बघून घ्या. त्यातला एक तुकडा माझ्या नावावर आहे. मी मेले की तेवढं कर्ज फिटलं. बोला, मारताय का?"

जॅबेझ खो खो हसला. मास्तरालाही हसू आवरेना. पेलेग तेवढा हसला नाही. आईचा हा सूर त्याच्या ओळखीचा होता.

"काय ठरवलंयस तू?"

"ती हॅलिफॅक्सची होडी डोलकाठी दुरुस्त करायला थांबलीये ना, ती शनिवारच्या भरतीला निघतेय. मी तिच्यातून जाणार. तिथले लोक हा कायदा मानतात, स्टॅम्पाचा कागद मिळतो. एक कागद घेणार, तिथल्या मॅजिस्ट्रेटसमोर उभी राहणार आणि दाखला तिथूनच लंडनला धाडणार. चोरून गेले असते तर तुम्हाला पत्ता लागला नसता. तोंडावर सांगितलेलं बरं, म्हणून आले."

हातोडीचा आवाज थांबला. स्टॅम्पाचा कागद हातात धरेल त्याच्याशी गावाने कसलाच व्यवहार करायचा नाही, असं याच कारखान्यात ठरलं होतं. त्या ठरावाखाली पहिली सही पेलेगची होती.

"अगं, मी शपथ घेतलीये," पेलेग म्हणाला. "उद्या माझ्या पिंपांना हे गाव हात तरी लावेल का? आणि मी यांना तोंड काय दाखवू?"

"शपथ तू घेतलीस. या जॅबेझने घेतली. मला कुणी विचारलं होतं?"

"ती सगळ्या गावाच्या वतीने घेतली."

"हो का? मग गावातल्या बायकांपैकी कोण होतं इथे? मास्तर, तू मघाशी काय वाचत होतास? ज्याला विचारलं नाही त्याच्यावर लादायचं नाही, असंच ना काहीतरी?"

मास्तराने पत्रक हळूच गुडघ्यावर उतरवलं.

"पेलेग्या, फसलास रे," जॅबेझ म्हणाला.

पेलेगने हातोडी खाली ठेवली. तो बोलला तेव्हा आवाज उतरला होता. "ठरावाचं सोड. आई, फेब्रुवारी लागतोय. या दिवसांत तो समुद्र बघितलायस? तू बुडालीस तर तिचे तीस पौंडही गेले. आणि आम्ही..." त्याने कड्याचा तुकडा उचलला आणि परत ठेवला.

टॅम्झिन उठली आणि तिने उपडं पिंप पुन्हा सरळ केलं.

"मी टिकते रे. डॉक्टरांनी तसं लिहूनच दिलंय. आणि हे बघ, तुला भाकरी आहे, मला तू आहेस. तिला या जगात माझ्या श्वासाशिवाय काही नाही. ती मला विचारते की पौंडांना विचारते, तो तिचा प्रश्न. तिला उपाशी ठेवून मी इथे जिवंत राहायचं, हे मला जमायचं नाही."

शनिवारी धक्क्यावर अर्धं गाव जमलं होतं. कुणी तिच्याशी बोललं नाही, पण कुणी वाटही अडवली नाही. पेलेग तिची पेटी खांद्यावर घेऊन पुढे चालत होता, सगळ्यांच्या देखत. ते पाहून टॅम्झिनला त्याचा इतका अभिमान वाटला की तिला काठीची आठवणही राहिली नाही. काठी घरीच राहिली होती.

ब्रिस्टलहून आलेलं एक जहाज त्याच सकाळी बंदरात लागलं होतं. त्याचा कप्तान लांबूनच हाका मारत आला.

"हॅनफर्डबाई! डेव्हनचं पत्र आहे. बरं झालं भेटलात."

टॅम्झिनने सप्टेंबरात ऑनरला कळवलं होतं की असा असा कायदा येतोय, यंदा दाखल्याचं कठीण दिसतंय. त्याचं हे उत्तर होतं. ती पेटीवर बसली आणि तिने लाख फोडली.

'खोकला कसा आहे? फ्लॅनेल घालतेस ना?

तुझं पत्र मिळालं. त्या कागदासाठी जिवाचा आटापिटा करू नकोस, मुख्य म्हणजे कुठे बोटीबिटीत बसू नकोस. तू तेच करशील म्हणून आता सांगावंच लागतंय. ते वर्षासन मी अकरा वर्षांपूर्वीच विकलं. छप्पर कोसळलं होतं, एकरकमी पैसे हवे होते. एक्झिटरच्या एका दारूच्या व्यापाऱ्याने ते घेतलं. उरलेल्या पैशांत आणि चार मुलींना शिकवून माझं भागतं. दाखला त्याला लागतो, मी नुसती पुढे पाठवते. तो चांगला लठ्ठ आहे, दाखल्यावाचून वाळायचा नाही.

तुला इतकी वर्षं सांगितलं नाही, कारण दाखला नसता तर तू मला पत्र लिहिलं असतंस की नाही, याची मला खात्री नव्हती.

बाबांना तुझ्याबद्दल जे वाटलं ते खरं ठरलं. पण मीही टिकलेच की गं.'

टॅम्झिनने पत्र पुन्हा पहिल्या ओळीपासून वाचलं. अकरा वर्षं. वर्षाला दोन पत्रं. मग तिचे डोळे भरून आले.

"काय झालं? गेली का ती?" पेलेग वाकून विचारत होता.

"गप रे. काहीतरी अभद्र बोलू नकोस."

"मावशी, येताय ना?" होडीवाला ओरडला. "पाणी उतरायला लागेल!"

तिने हातानेच त्याला जा म्हणून सांगितलं.

"आणि दाखला?" पेलेगने विचारलं.

"एक्झिटरचा एक दारूवाला मला मेली समजेल. समजू दे मेल्याला. मास्तर, तुझ्याकडे कागद आहे का? साधा. पत्राला स्टॅम्प लागत नाही ना?"

"पत्राला नाही लागत," गमॅलिएल म्हणाला आणि त्याने कोटाच्या खिशातून कागद, लेखणी, दौत, सगळं काढून दिलं. थंडीने दौतीतली शाई घट्ट झाली होती. पेलेगने दौत दोन्ही तळव्यांत धरली आणि तोंडाजवळ नेऊन तिच्यावर श्वास सोडत तो उभा राहिला. ब्रिस्टलचा कप्तान पत्र न्यायला थांबला होता.

शाई सैल झाली. टॅम्झिनने कागद पेटीवर पसरला. सवयीने तिने 'मी बरी' एवढं लिहिलं, मग ते खोडलं आणि खाली नव्याने सुरुवात केली.

'ऑनर, तुझा खोकला कसा आहे?'